डावी खुर्ची

४ जानेवारी

ताई,

पोचलो एकदाचा. तळ नवा, खोली नवी, पलंग मात्र जुनाच, मधोमध खड्डा पडलेला. आईला सांग, उशी पाठवायच्या भानगडीत पडू नकोस, इथे मिळते.

तुम्ही तिथे नक्की करता तरी काय, असं तू विचारलं होतंस. ऐक. धावपट्टीच्या कडेला एक बुटकी इमारत आहे, तिला आम्ही खुराडं म्हणतो. एक आठवडा आत, एक आठवडा बाहेर. आत असलो की गणवेशातच झोपायचं. भोंगा वाजला की पळत सुटायचं, विमानात चढायचं, इंजिनं चालू करायची आणि गप्प बसायचं. मग वायरलेसवर कुणीतरी सांगतं, झालं, बंद करा. उतरून गार झालेला चहा प्यायचा. रिकामं विमान आम्ही महिन्यातून दोनचारदा उडवतो. भरलेलं उडवायचं नसतं. ते नुसतं उभं करून पलीकडच्यांना दाखवायचं असतं.

विमानाच्या पोटात काय असतं ते तुला ठाऊक आहे. इथे त्याचं नाव कुणी घेत नाही, ‘सामान’ म्हणतात. एका सामानात एक शहर जातं, असं शिकवताना सांगितलं होतं. नंतर तो विषय कुणी काढला नाही. सामानाजवळ एकट्याने जायचं नाही, साहेबांनीसुद्धा नाही. दोघं लागतात, एकमेकांवर डोळा ठेवून.

आता कामाचं. सध्या मी उजवीकडे बसतो. डावी खुर्ची म्हणजे विमानाचा मुख्य. आमचा मुख्य उन्हाळ्यात निवृत्त होतोय आणि मेमधली मोठी तपासणी नीट पार पडली तर ती खुर्ची मला, असं साहेब जवळजवळ बोललेच. पण इथे एक नियम आहे. सामानाजवळ जाणाऱ्या माणसाचं डोकं ठिकाणावर पाहिजे. घरी आजारपण, भांडण, मृत्यू, झोप उडणं, जे काही असेल ते आपणहून कळवायचं. कळवलं की बाजूला काढतात. आमच्यातला लंबू. बायको सोडून गेली म्हणून त्याने प्रामाणिकपणे सांगितलं. आज कोठारात बसून ब्लँकेटं वाटतोय. जेवायला त्याच्या टेबलावर कुणी बसत नाही.

म्हणून एक मागतो. घरात काही वाईट असेल तर मला लिहू नकोस. कळलं की मला सांगावं लागणार, आणि खोटं बोलणं मला जमणार नाही. कळलंच नाही तर प्रश्नच नाही. तार तर मुळीच करू नकोस, ती साहेबांच्या हातून येते. पत्रं कुणी उघडत नाही. रागावू नकोस. मेपर्यंतच.

बाळ्या

१९ जानेवारी

बाळ्या,

वा रे वा. म्हणजे आख्खं शहर उडवायला तू चालतोस, पण बहिणीचं एक पत्र तुला पेलवत नाही. धन्य आहे तुझ्या साहेबांची आणि तुझी.

बरं बाबा. आजपासून आपल्या घरात सगळं उत्तम आहे. छप्पर गळत नाही, शेजारीण भांडत नाही, चष्म्याच्या दुकानात गिऱ्हाइकांची रीघ लागलीय. परवा एक आजोबा दुसऱ्याचाच चष्मा घालून गेले आणि दोन दिवसांनी येऊन म्हणाले, फारच छान दिसतंय. हे चालेल ना साहेबांना?

आई हल्ली दुकानात येत नाही. येते म्हणते आणि पायरीवरूनच परत फिरते. तिच्याशिवाय गिऱ्हाइकांना झापायला कुणी नाही, त्यामुळे लोक फार सुखात आहेत. थोडी बारीक झालीय. बारीक होणं हे वाईटात मोडतं का, ते विचारून कळव, म्हणजे मला पुढचं पत्र लिहिता येईल.

तुमच्या सामानाजवळ दोघं लागतात हे वाचून बरं वाटलं. इथे आईजवळ मी एकटीच असते.

ताई

८ फेब्रुवारी

ताई,

तुझ्या जिभेला हाड नाही ते नाहीच. असलं काही लिहू नकोस म्हणून हात जोडले तरी ‘बारीक झालीय’ लिहितेसच. उन्हाळा-हिवाळा बदलला की माणूस बारीक होतो. आईने कधी पोटभर खाल्लंय? तिला म्हणावं, जेव नीट.

तुला हे सगळं पोरखेळ वाटतो. तसा नाहीये. आम्ही इथे बूट घालून झोपतो म्हणून तुम्ही तिकडे निवांत दुकान उघडता. पलीकडच्यांनाही माहीत आहे की त्यांनी काही केलं तर आम्ही निघणार. ते निघत नाहीत, म्हणून आम्ही निघत नाही. इतकी वर्षं चाललंय ना? मग चालू दे.

एक गंमत सांगतो. आम्हाला काळी पट्टी दिलीय, एका डोळ्यावर बांधायला. निघायची वेळ आली तर वाटेत कुठेतरी असा उजेड पडेल की बघणारा डोळा कायमचा जाईल. मग पट्टी काढायची आणि दुसऱ्या डोळ्याने विमान पुढे न्यायचं. चष्मेवालीला सांगण्यासारखी गोष्ट आहे की नाही?

परवा पहाटे भोंगा वाजला तेव्हा सराव आहे हे कुणी सांगितलं नव्हतं. इंजिनं चालू केली. उजवीकडे बसून मी पट्टी बांधली. मला आईचा आवाज आठवेना. चेहरा आठवत होता, आवाज नाही. मग बंद करा म्हणाले. हे आईला वाचून दाखवू नकोस.

बाळ्या

२ मार्च

बाळ्या,

वाचून दाखवलं. हसली. म्हणाली, त्याला म्हणावं, लहानपणी इतकी ओरडले त्याच्यावर, तरी आवाज विसरला कसा.

त्या पट्टीचं मात्र मी दुकानातल्या पोरींनाही सांगितलं नाही. वीस वर्षं मी लोकांचे डोळे तपासते. एक डोळा आंधळा होणार हे आधीपासून धरून चाललेला माणूस माझ्याकडे आला नाही अजून. आणि दुसऱ्या डोळ्याने तू बघणार काय रे? उतरायला जागा तरी असेल का?

आता घरचं, तुझ्या नियमात बसवून. आम्ही दोघी हल्ली आठवड्यातून दोनदा गाडी करून फिरायला जातो. एक मोठी इमारत आहे, तिथे सगळे पांढऱ्या कपड्यांतले. फार अगत्याने बसवतात. आईच्या हातात सुई टोचतात, बाटली टांगतात. आई दुपारभर खिडकीतून बघत बसते. परत येताना तिला गाडीत उलट्या होतात, पण रस्ता खराब आहे, असं आपण म्हणू. केस विंचरायचा त्रास वाचलाय. दुकान दुपारनंतर बंद ठेवते.

बघ, एक वाईट शब्द लिहिला नाही.

ताई

२० मार्च

ताई,

पत्र मिळालं. तुम्ही दोघी फिरायला जाता हे वाचून आनंद झाला. हवापालट चांगलाच. तिला हिंडतीफिरती ठेव.

इकडे तपासणीची तयारी जोरात. वरून माणसं येणार, न सांगता भोंगा वाजवणार, एकूण एक विमान ठरल्या वेळात तयार दिसलं पाहिजे. एकही कमी पडलं तर अख्खा तळ नापास. सगळ्यांच्या रजा बंद. खास कारण दिलं तर मिळते, पण कारण द्यावं लागतं.

जूनमध्ये मी येतोच. महिनाभर राहीन. आईला सांग, जून. जूनपर्यंत सगळं असंच छान राहील ना?

बाळ्या

२ एप्रिल

बाळ्या,

नाही राहणार. जून फार लांब आहे.

तुझा तो शेवटचा प्रश्न मी चारदा वाचला. तुला सगळं समजतंय. समजून तू कानांवर हात ठेवून बसलायस, आणि वर मला आनंद झाला म्हणून कळवतोस. लाज वाटली मला, तुझी आणि माझीही, कारण तुझ्या या खेळात मीही सामील झाले.

तर आता सरळ बोलू. मी आपणहून काही सांगणार नाही, शब्द दिलाय. पण तू नुसतं एका ओळीत विचार, ‘ताई, आईला काय झालंय?’ मी त्याच दिवशी सगळं लिहीन. विचारणं तुझ्या हातात आहे.

आईला तुझा नियम मी सांगितला. वाटलं, चिडेल, मग मलाही जोर येईल. कसलं काय. म्हणाली, त्याला काही कळवू नकोस, पोराची खुर्ची जाईल. डावीकडे बसल्यावर त्याला खिडकी मिळेल का, हेही विचारलं. माझ्या डोक्यात तिडीक गेली. भांडले तिच्याशी. आजारी माणसाशी भांडले, बस्स. हा शब्द निसटला, खोडत नाही.

ताई

१७ एप्रिल

ताई,

खिडकी दोन्हीकडे असते, आईला सांग. डावीकडची जरा मोठी.

आम्ही सध्या खुराड्यातच आहोत, आठवडा संपला तरी सोडलं नाही. भोंगा केव्हाही वाजतो. काल जेवताना वाजला, ताट तसंच टाकून धावलो. आमचं विमान सगळ्यांच्या आधी तयार होतं. साहेबांनी पाठीवर थाप मारली. लंबू कोठाराच्या दारात उभा राहून बघत होता. मला त्याच्याकडे बघवलं नाही.

तू लिहिलंस ते वाचलं. तपासणी मेच्या दुसऱ्या आठवड्यात आहे. त्यानंतर विचारतो. ताई, खरंच विचारतो. इतके दिवस कळ काढलीस, आणखी थोडी काढ. तू माझ्यापेक्षा खंबीर आहेस, हे आई नेहमी म्हणते.

बाळ्या

११ मे

बाळ्या,

तुझ्या नियमाप्रमाणे लिहिते.

हवा बरी आहे. दुकान आता पूर्ण वेळ उघडं असतं. आईची खोली धुऊन काढली, गादी उन्हात टाकली. औषधांच्या बाटल्या भंगारवाला घेऊन गेला. आपल्या घरात आता कुणीही आजारी नाही.

मी तुला काही विचारत नाही. तूही काही विचारू नकोस. न विचारण्यात आपण दोघं आता पटाईत झालोय.

ताई

२८ मे

ताई!

झालो! डावी खुर्ची मिळाली! तपासणीत आमचा तळ पहिला, आणि तळात आमचं विमान पहिलं. साहेबांनी सगळ्यांसमोर माझं नाव घेतलं.

आणि त्याहून मोठं म्हणजे तुझं पत्र. घरात कुणी आजारी नाही हे वाचलं आणि जीव भांड्यात पडला. खोलीत दार लावून रडलो, खरं सांगतो. तुझा तो तुटक सूर समजला मला. रागावलीयस, रागाव. पण शेवटी झाली ना बरी? मला वाटलंच होतं, आई अशी हार मानणारी नाही. औषधांच्या बाटल्यासुद्धा फेकल्यात, छान केलंत.

आता मी विचारू शकतो. काय झालं होतं आईला? सगळं लिही, अगदी पहिल्यापासून. बारा जूनपासून रजा मिळेल. आईसाठी लोकरीचा कोट घेतलाय, थोडा मोठाच घेतलाय, बारीक झाली असली तरी भरून येईल.

बाळ्या

४ जून

बाळ्या,

पत्र वाचलं तेव्हा आधी वाटलं तुला वेड लागलंय. मग वाटलं तू इतका कोडगा झालास की माझी थट्टा करतोस. पत्र फाडायला घेतलं होतं. कोटाच्या ओळीवर हात थांबला. असली थट्टा तू करणार नाहीस.

आई गेली, बाळ्या. एकोणतीस एप्रिलला, सकाळी. पोटात गाठ होती, जानेवारीतच कळलं होतं.

मी तुला तीन तारा केल्या. तुझा नियम मोडला, जाणूनबुजून मोडला, गेली उडत तुझी खुर्ची म्हटलं. बावीसला पहिली, ‘आई गंभीर, लगेच ये.’ दोन दिवसांनी तीच पुन्हा. आणि गेल्यावर तिसरी. एकीचंही उत्तर नाही. मला वाटलं, तारा तुझ्या हातात आहेत आणि तू तपासणीची वाट बघतोयस. म्हणून मेमधलं ते पत्र तसं लिहिलं. तुला बोचावं म्हणून लिहिलं. तू ते वाचून नाचलास.

पहिली तार केली त्या दिवशी आईला म्हटलं, बाळ्या निघालाय. खोटंच. पण मला खात्री होती की निघशील. तेव्हा तिने मला पलंग फिरवायला लावला, दाराकडे तोंड करून. पायऱ्यांवर कुणी चढलं की डोळे उघडायची. दूधवाला आला तरी उघडायची.

तारा गेल्या कुठे? एवढं तरी विचार कुणाला. की हेही तपासणीनंतर?

ताई

१३ जून

ताई,

रजा घेतली नाही. कशासाठी येऊ?

तुझं पत्र घेऊन साहेबांकडे गेलो. त्यांनी खण उघडला आणि तिन्ही तारा टेबलावर ठेवल्या. लपवल्यासुद्धा नव्हत्या. म्हणाले, “बसा. वाईट झालं. तपासणी तोंडावर होती, तुमच्या जागी बसवायला माणूस नव्हता. एक विमान कमी म्हणजे तळ नापास.” मी उभाच. मग म्हणाले, “तरीही मी तारा दिल्या असत्या. पण तुमचं जानेवारीचं पत्र वाचलं होतं. तुम्हाला कळायला नकोच होतं ना? मी तुमचीच इच्छा पाळली.”

इथे सगळी पत्रं उघडतात, ताई. माझी, तुझी, सगळी. सुया, गाडीतल्या उलट्या, आईने खिडकीचं विचारलं ते, सगळं साहेबांनी माझ्याआधी वाचलंय. हे पत्रसुद्धा वाचतील. वाचू देत.

एक गोष्ट अजून राहिली. मी म्हणालो, “कळलं असतं तर कळवलं असतं आणि लंबूसारखा कोठारात गेलो असतो.” साहेबांना हसू आलं. “लंबूचे कान गेलेत, इंजिनांच्या आवाजाने. बायकोचा काय संबंध? तो नुसता सांगत फिरतो तसं. मार्चमध्ये, त्या सुयांच्या पत्रानंतर, तुम्ही येऊन सांगितलं असतंत तर पंधरा दिवस घरी सोडलं असतं. परत आलात की तीच खुर्ची. दरवर्षी चारपाच जणांना सोडतो.”

आम्ही सगळे लंबूला घाबरून होतो. खरं काय ते त्याला कुणी कधी विचारलंच नाही.

मी साहेबांच्या अंगावर धावून जायला हवं होतं. मी ‘येस सर’ म्हणून सलाम ठोकला आणि बाहेर आलो. 

मी ही खुर्ची सोडतोय, ताई. शपथेवर सांगतो. अर्ज देतो, घरी येतो, दुकानात बसेन, लोकांना झापेन. जिच्यापायी आई गेली तिच्यावर मी बसणार नाही.

बाळ्या

२४ जून

बाळ्या,

आई खुर्चीपायी गेली नाही, आजाराने गेली. खुर्चीपायी ती एकटी गेली. मी होते, पण तिला दारातून यायला हवा होता तो मी नव्हते. एवढा फरक नीट समजून घे, आणि उगाच मोठमोठं लिहू नकोस.

तुझ्या साहेबांना माझा नमस्कार, वाचत असतीलच. त्यांना म्हणावं, आईचं वजन शेवटी किती राहिलं होतं ते त्या पत्रांत नव्हतं, नाहीतर तेही त्यांना कळलं असतं.

तू शपथा पुष्कळ खाल्ल्यास. मला एकच विचारायचंय, आणि या वेळी सरळ उत्तर दे. सोडलीस?

ताई

९ जुलै

ताई,

अर्ज लिहिला होता. नीट, स्वच्छ अक्षरात. साहेबांच्या टेबलावर ठेवला. त्यांनी वाचला आणि शांतपणे म्हणाले, “हा दुःखाच्या भरात लिहिलाय. दुःख झालं असेल तर तसं कळवा, नियमच आहे. बाजूला काढतो, डॉक्टरांकडे पाठवतो. पण एक आहे, आईच्या आजारात तुम्ही कळवलं नाहीत ते नियमाविरुद्ध होतं, ते मी आतापर्यंत पोटात घातलंय. आज कळवलंत तर तेही बाहेर काढावं लागेल. मग विमान कायमचं विसरा.”

मी तयारी करूनच गेलो होतो, ताई. काय बोलायचं ते पाठ केलं होतं.

त्यांनी कोरा कागद पुढे ओढला आणि नेहमीच्या आवाजात विचारलं, “दुःख आहे?”

मी म्हणालो, नाही.

“झोप येते?”

म्हणालो, येते.

“घरी सगळं ठीक?”

मी म्हणालो, ठीक आहे सर. त्यांनी अर्ज परत दिला, तो मी खिशात घातला. त्याच आठवड्यात भोंगा वाजला. मी धावलो आणि डावीकडे बसलो.

बाळ्या